पाण्यामागे चालत: काशान ते शिराझ

आमचं माहेर औरंगाबादच्या, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरच्या, बेगमपुऱ्यातलं. गच्चीवरून बीबी का मकबऱ्याचे मिनार दिसायचे. शाळा सुटली की मी आणि ताई तिथल्या बागेत जायचो आणि मधल्या कोरड्या नहरीच्या काठाने लंगडी घालत पार चौथऱ्यापर्यंत पोचायचो. वडील पाटबंधारे खात्यात होते. एकदा ते आमच्याबरोबर आले, नहरीच्या काठावर टेकले आणि म्हणाले, "ही चारबाग आहे, पोरींनो. पाणी वाहत असतं तर मला काही समजावून सांगावं लागलं नसतं."

चारबाग म्हणजे पाण्याच्या नहरींनी चार भागांत वाटलेली बाग. वडिलांचं ते वाक्य चाळीस वर्षं मनात राहिलं. मकबऱ्यात निजलेली दिलरास बानू ही औरंगजेबाची बेगम, पण तिचं घराणं इराणच्या सफवी राजवंशातलं. त्या घराण्याने लावलेल्या बागा अजून आहेत, त्यांतल्या काहींत अजून पाणी खेळतं, हे कळल्यापासून मला एकदा तिकडे जायचंच होतं. ताई बँकेतून निवृत्त झाली आणि आम्ही दोघी निघालो. नऊ दिवस, इराणी पंचांगातला उर्दीबहेश्त महिना, म्हणजे आपला एप्रिल-मे. व्हिसा आणि विमान सुरळीत पार पडलं, त्यामुळे थेट काशानलाच येते.

पहिला दिवस: काशान

तेहरानला पहाटे उतरलो आणि शहरात न शिरता विमानतळावरूनच गाडीने काशानकडे निघालो. वाटेत मैलोन्‌मैल खारट, पांढुरकी, सपाट जमीन. झाड म्हणून नाही. ताई खिडकीला नाक लावून बसली होती. म्हणाली, "अगं, इथे माणसं राहायला आली तरी कशी?" त्या प्रश्नाचं उत्तर शोधण्यातच आमचे पुढचे आठ दिवस गेले.

उतरलो ते एका जुन्या घरात. बाहेरून नुसती मातीची उंच भिंत, रस्त्याकडे एकही खिडकी नाही. दाराला दोन वेगवेगळ्या कड्या: पुरुषांसाठी जड लोखंडी दांडी, बायकांसाठी हलकी गोल कडी. आवाजावरून आतल्यांना कळायचं की दारात कोण आहे आणि दार उघडायला कोणी जायचं. आम्ही गोल कडी वाजवली, दार उघडायला घरच्या खानुम, म्हणजे मालकीणबाई, आल्या. आत अंधारी, वळणाची बोळ, आणि बोळ संपताच लख्ख चौक. मधोमध निळा हौद, हौदाच्या भोवती चार वाफे, त्यांत डाळिंब आणि अंजीर. वाड्यातल्या चौकात मधोमध तुळस असते, इथे त्या जागी पाणी होतं. प्रवासातली पहिली चारबाग आम्हाला अशी एका घराच्या पोटात भेटली, आणि सोफ्यावर अंग टाकायच्या आधी आम्ही दोघी हौदाच्या कठड्यावरच बसून राहिलो.

खानुमनी एका ताटलीत हिरवे कोवळे बदाम आणून ठेवले. चघाले बदाम. सालीवर मखमलीसारखी लव, आत बी अजून पाण्यासारखं पातळ. मिठात टेकवायचा आणि सालीसकट कचकन चावायचा. चव आंबट-तुरट, कच्च्या कैरीच्या जवळ जाणारी. वसंतातले थोडेच आठवडे मिळतात, नंतर टरफल टणक होतं. जेवायला कश्क-ए-बादेमजान होतं: भाजून मऊ केलेली वांगी, वर आटवलेल्या दह्यासारखा खारट कश्क, तळलेला पुदिना आणि कांदा. वांग्याच्या भरितावर वाढलेल्या कुणालाही ते परकं वाटणार नाही.

जाणाऱ्यांसाठी दोन गोष्टी इथेच सांगते. आपली बँकेची कार्डं इराणमध्ये चालत नाहीत, सगळा खर्च रोखीने करायच्या तयारीने जा. आणि नोटेवर रियाल छापलेलं असलं तरी लोक बोलतात तोमानमध्ये, एक तोमान म्हणजे दहा रियाल. पहिले दोन दिवस प्रत्येक वेळी "तोमान की रियाल?" असं विचारून घ्या, कुणालाही त्याचं वाईट वाटत नाही.

दुसरा दिवस: बाग-ए-फिन

सकाळी बाग उघडायच्या वेळेलाच फिनला पोचलो. बायकांनी हे नक्की करावं, कारण दहानंतर सहली येतात आणि पाण्याचा आवाज माणसांच्या आवाजात बुडून जातो.

बाग म्हणजे काय, ते इथे आधी भिंत सांगते. चहूबाजूंनी उंच तट, कोपऱ्यांवर गोल बुरूज, एखाद्या गढीसारखं. जुन्या इराणी भाषेत भिंतीने वेढलेल्या जागेला पइरिदएझ म्हणत. ग्रीकांनी तो शब्द उचलला, त्याचा पॅरादिसोस झाला, आणि युरोपातल्या भाषांनी त्यावरून स्वर्गालाच पॅरडाइज म्हणायला सुरुवात केली. म्हणजे स्वर्ग या शब्दाच्या पोटात मुळात एक कुंपण आहे. भिंतीबाहेरची ती खारट जमीन आदल्या दिवशी पाहिली नसती, तर हे मला नुसतं शब्दकोशातलं कुतूहल वाटलं असतं. दारातून आत पाऊल टाकलं आणि गालावरची हवा बदलली. ओली, गार, किंचित मातकट. समोर शतकांची वयं असलेल्या सरूंच्या, म्हणजे सायप्रसच्या झाडांच्या, दोन रांगा आणि त्यांच्या मधून धावणारं पाणी.

शहा अब्बास पहिला याच्या काळात, १५९० च्या सुमारास, या बागेला आजचं रूप मिळालं. पुढे काजार राजांनी भर घातली. पाणी येतं ते मागच्या डोंगराच्या पायथ्याच्या सुलेमानिया झऱ्यातून. झरा बागेपेक्षा उंचावर आहे, एवढ्या एका गोष्टीवर सगळी किमया उभी आहे. नहरींच्या तळाखालून मातीच्या भाजलेल्या नळ्या नेल्या आहेत, त्यांना ठरावीक अंतरावर तोंडं ठेवली आहेत, आणि उंचीच्या फरकाने जो दाब येतो त्यावर कारंजी उडतात. पंप नाही, वीज नाही. कारंजी उंच नाहीत, जेमतेम वीतभर. पाणी टोकाशी येऊन फुलासारखं उमलतं आणि तिथल्या तिथे कोसळतं. नहरीला फिरोजी फरश्या बसवल्या आहेत. अशा फरशीला फारसीत काशी म्हणतात, काशानवरूनच. नितळ पाण्याखाली तो रंग हलतो तेव्हा आकाशाचा एक पट्टा जमिनीवरून वाहत जातोय असं वाटतं.

मधल्या मंडपाशी आम्ही बराच वेळ बसलो. इथून पाणी सरळ रेषांत, काटकोनात वळत निघतं आणि जमिनीचे चौकोन पाडत जातं. चारबागेचा अर्थ काय, असं कुणालाही विचारलं की चार तयार उत्तरं मिळतात. जरथुश्त्री परंपरेतली आकाश, पृथ्वी, पाणी आणि वनस्पती ही चार तत्त्वं. जगाच्या चार दिशा. बायबलमधल्या एदेन बागेतून निघणाऱ्या चार नद्या. कुराणात स्वर्गाच्या वर्णनात येणारे पाण्याचे, दुधाचे, मद्याचे आणि मधाचे प्रवाह. चारही उत्तरं खरी आहेत. पण तिथे बसून मला वाटलं की ही उत्तरं नंतर आली असावीत. आधी असेल एक शेतकरी, ज्याच्याकडे थोडं पाणी आहे आणि ते सगळ्या जमिनीला सारखं पोचवायचं आहे. तो मधून एक पाट काढेल, त्याला आडवा दुसरा काढेल. झाली फुली, पडले चार वाफे. ज्या देशात पाणी एवढं मोलाचं, तिथे पाण्याने काढलेली ही आकृती पवित्र ठरली आणि मग प्रत्येक धर्माला तिच्यात आपापला स्वर्ग दिसला. कुणी विद्वान याला आक्षेप घेईल कदाचित. वडील असते तर त्यांनी मान डोलावली असती.

शाळेच्या मुलींचा एक घोळका आमच्याशी बोलायला आला. ताईने बोट दाखवून एकेक शब्द म्हणायला सुरुवात केली. बाग. बागवान. हौद. गुलाब. अनार. दरवाजा. हवा. दर शब्दाला मुली टाळ्या पिटायच्या. ताईने कारंजाकडे बोट करून "फवारा" म्हटलं तेव्हा त्यांच्या बाईंनी पुढे येऊन ताईचा हात हातात घेतला. आपण मराठीत रोज किती फारसी बोलतो हे ठाऊक होतं, पण ज्या वस्तूंसाठी ते शब्द जन्मले त्या वस्तूंसमोर उभं राहून ते उच्चारताना अंगावर काटा आला. आणि गुलाब म्हणजे मुळात गुल-आब, फुलाचं पाणी. आपण फुलालाच गुलाब म्हणू लागलो, मग पाण्याला गुलाबपाणी म्हणावं लागलं.

याच बागेच्या एका कोपऱ्यात तो हमामखाना आहे, जिथे जानेवारी १८५२ मध्ये पदावरून दूर केलेले पंतप्रधान अमीर कबीर यांचा राजाज्ञेने खून झाला. तेहरानमध्ये दार-उल-फुनून ही आधुनिक विद्यांची शाळा काढणारा हा माणूस. इराणी लोक त्या खोल्यांमधून अगदी हळू चालतात, आवाज न करता. बाहेर येऊन आजोबांच्या वयाचे एक गृहस्थ नहरीच्या पाण्याने चेहरा धूत होते.

तिसरा दिवस: कमसर

गुलाबाची फुलं ऊन चढायच्या आत खुडावी लागतात, नाहीतर वास उडून जातो. म्हणून पहाटे चारला उठून काशानजवळच्या कमसर गावी गेलो. झुडपं कमरेइतकी, फुलं लहान, फिकट गुलाबी, दिसायला साधी. आपल्या बाजारातल्या टपोऱ्या गुलाबांशेजारी कुणी पाहणार नाही, पण ओंजळभर तोंडाशी धरली की डोळे मिटतात. खुडणाऱ्या बायकांच्या कमरेला फडकं बांधलेलं, त्याची झोळी भरली की गोणीत रिकामी करायची. तांब्याच्या मोठ्या देगांत फुलं आणि पाणी, झाकण कणकेने लिंपून बंद, वाफ नळीने बाहेर पडून थंड पाण्यात बुडवलेल्या भांड्यात उतरते.

इथलं गुलाबपाणी मक्केला काबा धुण्यासाठी जातं, हे त्यांनी आम्हाला मोठ्या अभिमानाने सांगितलं. मी सांगितलं की आमच्याकडे हळदीकुंकवाला गुलाबदाणीतून हेच शिंपडतात. दोन बाटल्या घेतल्या. पैसे देताना मालक म्हणाले, "काबिल नदारे," म्हणजे 'हे काही तुमच्या योग्यतेचं नाही.' हा तिथला तारोफ, शिष्टाचार. दोनतीनदा आग्रह केला की घेतात. आग्रह मात्र करायलाच हवा.

चौथा आणि पाचवा दिवस: इस्फहान

इस्फहानला दोन दिवस कमी पडतात. नक्श-ए-जहान मैदानाबद्दल इतकं लिहिलं गेलंय की मी थांबत नाही.

शहा अब्बासने १५९८ मध्ये राजधानी इथे आणली आणि शहराचा कणा म्हणून जो रस्ता आखला त्याचं नावच चहारबाग. पूर्वी या रस्त्याच्या मधोमध पाणी वाहायचं, दोन्ही बाजूंना चिनार आणि चिनारांच्या मागे बागा. बागेच्या नकाशावर अख्खं शहर बेतायचं, ही कल्पनाच मला विलक्षण वाटते. आता रस्त्याच्या एका भागात गाड्या बंद आहेत. संध्याकाळी चिनारांखाली कुटुंबंच्या कुटुंबं बसलेली असतात. जवळच हश्त बेहेश्त, म्हणजे आठ स्वर्ग, नावाचा १६६९ चा महाल. चाराची दुप्पट आठ, आणि इस्लामी परंपरेत स्वर्गाचे दरवाजे आठ. महालाची मांडणीही अष्टकोनी.

चेहेल सोतून, म्हणजे चाळीस खांब. मोजले तर वीसच लाकडी खांब आहेत, उरलेले वीस समोरच्या लांबलचक तलावात. सकाळी वारा नसताना जा, तरच चाळीस भरतात. आत भिंतभर चित्रं आहेत आणि त्यांतल्या एकासमोर ताईने मला दंडाला धरून उभं केलं. शहा तहमास्प पाहुण्याचं स्वागत करतोय, आणि पाहुणा आहे हुमायून. राज्य गमावून इराणच्या आश्रयाला आलेला आपला हुमायून. बागांची हौस त्याच्या घराण्यात बाबरापासूनच होती. त्याच्या स्वतःच्या दिल्लीतल्या कबरीभोवती जी चारबाग झाली, ती आखणारा मीरक मिर्झा गियासही इराणी वळणाचाच वास्तुकार. तिथून ताजमहाल, आणि ताजच्या पाठोपाठ आमचा मकबरा. ताई बराच वेळ चित्र बघत राहिली आणि म्हणाली, "म्हणजे आपण ज्या काठावर लंगडी खेळलो तो काठ इथून आला."

मग आम्ही नदीवर गेलो. झायंदेरूद, जीवन देणारी नदी. तेहतीस कमानींचा सुंदर पूल, आणि त्याखाली भेगाळलेली कोरडी माती. वरच्या अंगाला पाणी वळवलं गेलं, पाऊस कमी झाला, शेती आणि कारखाने वाढले, आणि आता वर्षातला बराच काळ नदी अशीच असते. आदल्या रात्री चहावाल्या काकांनी सावध केलं होतं, तरी पाहून गलबललं. मुलं पात्रात चेंडू खेळत होती. पुलाच्या कमानीत एक म्हातारे गात होते. ऐकायला वीसेक माणसं उभी होती, आणि त्यांतली निम्मी तरी डोळे मिटून.

खाण्यात इस्फहानचा गझ हा पिस्ते घातलेला पांढरा चिवट गोड पदार्थ मिळतोच, पण रस्त्यावर कुठे कोवळी सॅलडची पानं आणि सेकंजबीन मिळाली तर सोडू नका. सिरका, साखर आणि पुदिन्याचा पाक, त्यात गार पान बुडवून खायचं.

सहावा आणि सातवा दिवस: यझ्द

यझ्दमध्ये मातीच्या घरांवर बादगीर उभे आहेत, वारा पकडून खाली खोलीत उतरवणारे मनोरे. दौलताबाद बागेतला बादगीर ३३.८ मीटर उंच आहे, जगातला सर्वांत उंच समजला जातो. अठराव्या शतकातली ही बाग. बादगीराच्या पोटाखाली संगमरवरी हौद आहे. वरून आलेला वारा पाण्याला लागून खोल्यांत पसरतो. मी हौदाशेजारी उभी राहिले आणि ओढणीचं टोक हलायला लागलं. बाहेर पारा छत्तिशीच्या वर होता.

पण यझ्दने मला जे दिलं ते पाण्याच्या संग्रहालयात. कनात म्हणजे काय हे वडिलांनी नहर-ए-अंबरीच्या निमित्ताने सांगितलं होतं. मलिक अंबरने औरंगाबादला, तेव्हाच्या खडकीला, जमिनीखालून पाणी आणलं ते याच विद्येच्या नात्यातलं. डोंगराच्या पायथ्याशी पाणी लागेपर्यंत मूळ विहीर खणायची आणि तिथून गावापर्यंत अगदी मंद उताराचा बोगदा काढायचा. उतार जास्त झाला तर पाणी बोगदा कोरून काढतं, कमी झाला तर साचतं. ठरावीक अंतरावर उभी भोकं, माती वर काढायला आणि हवा खेळायला. खणणारे मुकन्नी पांढरे कपडे घालून उतरत. आत मेलो तर हेच कफन, असं म्हणत.

आणि मग एका कपाटात एक वाटी. तांब्याची, पातळ, बुडाला सुईने पाडल्यासारखं भोक. ही वाटी पाण्याने भरलेल्या पातेल्यात तरंगत सोडायची. भोकातून पाणी शिरून वाटी बुडाली की एक माप झालं. तेवढा वेळ कनातचं पाणी एकाच्या बागेत, पुढची वाटी दुसऱ्याच्या. वाटीवर लक्ष ठेवणारा माणूस गावातला सर्वांत विश्वासू. वाटप बघणारा तो मीर-आब, पाण्याचा अमीर. ताई काचेला चिकटली. "अगं, हे तर घटिकापात्र!" आमच्या आजीच्या लग्नात भटजींनी हेच तरंगत ठेवलं होतं, ती घटिका भरायची वाट पाहण्याची गोष्ट आजी नेहमी सांगायची. आपण त्या वाटीने मुहूर्त मोजला, यांनी पाणी मोजलं.

इथेच एक गडबडही झाली. यझ्दहून शिराझला जायची गाडी आम्ही आगाऊ पैसे भरून ठरवली होती. सातव्या दिवशी रात्री कळलं की अशी नोंदच नाही. पैसे गेले ते गेलेच. घरमालकांनी रात्री दहाला फोनाफोनी केली आणि सकाळी दारात एक गृहस्थ हजर झाले. व्यवसायाने पिस्त्याचे बागायतदार, अधूनमधून गाडी चालवतात. बरोबर कॉलेजात शिकणारी मुलगी, दुभाषी म्हणून. ही चूक झाली नसती तर या सहलीतला सर्वांत चांगला दिवस आमच्या वाट्याला आला नसता. तरी पैसे आगाऊ भरू नका, मुक्कामाच्या घरमालकांकरवीच गाडी ठरवा.

आठवा दिवस: अबरकूह, पासरगाद

गाडी चालवणाऱ्या त्या आगांच्या, म्हणजे गृहस्थांच्या, पिस्त्याच्या बागेला कनातचं पाणी मिळतं. त्यांचा वाटा वडिलोपार्जित आहे आणि पाळी रात्रीची आली तर रात्री फावडं घेऊन जावं लागतं. मुलगी हे सांगत असताना मी म्हटलं, आमच्याकडे याला दारं धरणं म्हणतात. शेताच्या वाफ्याचं दार फोडायचं, भरलं की मातीने लिंपायचं, पुढचं फोडायचं. वडिलांबरोबर मी लहानपणी गेले आहे. अंधारात पायाला पाणी लागल्यावर कळतं की वाफा भरला. मुलीने भाषांतर केलं, आगांनी गाडी बाजूला घेतली, मागे वळून दोन्ही हात छातीवर ठेवले आणि थर्मासमधला चहा ओतला.

अबरकूहचा सरू चार हजार वर्षांचा मानतात. खोडाला प्रदक्षिणा घालायला बरीच पावलं लागतात. सरू कधी पानगळ करत नाही, म्हणून बागेत तो अमरत्वाचा. त्याच्याशेजारी मुद्दाम बदाम, डाळिंब, जर्दाळू लावतात, जे दरवर्षी मरून पुन्हा फुलतात. गालिच्यांवर सरूला वेढणारी फुलांची फांदी दिसते ती हीच जोडी. सरू शब्दावरूनच आपला सुरू आला, झाड मात्र कोकणातलं वेगळं.

दुपारी पासरगाद. सायरसची, इराणी लोक म्हणतात कुरूशची, राजधानी, इ. स. पू. सहाव्या शतकातली. उघडं माळरान, सोसाट्याचा वारा, पायऱ्यांच्या चौथऱ्यावर त्याची साधी दगडी कबर. बहुतेक प्रवासी तिथे फोटो काढून परततात. कृपा करून परतू नका. पुढे राजवाड्यांच्या जोत्यांपाशी जा. तिथे गवतात पांढऱ्या दगडाच्या पन्हाळी आहेत, सरळ रेषेत, आणि थोड्या थोड्या अंतरावर एकाच दगडात कोरलेले चौकोनी हौद. ही जगातल्या सर्वांत जुन्या बागांपैकी एक. डेव्हिड स्ट्रोनॅक यांनी १९६१ ते ६३ मध्ये इथे उत्खनन केलं, आणि पन्हाळींची आखणी आणि राजाच्या आसनाची जागा यांवरून बागेचे चार भाग असावेत असं मांडलं. झाडाचं पान उरलेलं नाही, म्हणून कुणी छातीठोक सांगणार नाही. पण याच सायरसने बाबिलोनच्या मातीच्या लेखात स्वतःला चारही दिशांचा राजा म्हटलंय. असा राजा आसनावर बसून समोर पाहत असेल, तर त्याच्या नजरेपुढे पाण्याने चौकोन पाडलेली जमीन असणं मला अगदी पटतं.

ग्रीक लेखक झेनोफनने दुसऱ्या एका, धाकट्या सायरसची गोष्ट लिहून ठेवली आहे. स्पार्टाचा लायसँडर त्याची बाग पाहून थक्क झाला, झाडांच्या सरळ रांगा, सारखी अंतरं. राजपुत्राने सांगितलं की हे मी मोजून आखलंय आणि काही झाडं माझ्या हातांनी लावली आहेत. लायसँडरला त्याची वस्त्रं आणि दागिने पाहून विश्वास बसेना.

आगा पन्हाळीपाशी उकिडवे बसले. आत साचलेली माती बोटांनी उकरली, तळव्याने दगड पुसला, गाल जवळजवळ दगडाला टेकवून एक डोळा मिटून पाहिलं. मग हाताने उताराची दिशा दाखवली आणि काही म्हणाले. मुलगी म्हणाली, "बाबा म्हणतायत, दगडाचं आहे एवढंच. बाकी हे आमचंच जूब आहे." जूब म्हणजे पाट. पन्हाळीच्या कडेला खसखशीची रानफुलं उगवली होती, लाल, कागदासारखी पातळ, वाऱ्याने झोपत होती. ताईने एकही तोडली नाही.

रात्री शिराझला पोचलो. आगांनी तीनदा पैसे नाकारले, चौथ्यांदा घेतले आणि मुलीच्या हाती आम्हाला एक किलो पिस्ते दिले.

नववा दिवस: शिराझ

शिराझला बहार-ए-नारंज, कडू संत्र्याचा मोहोर, नुकता सरत आला होता, तरी गल्ल्यांत वास होता. बाग-ए-एरम आता विद्यापीठाकडे आहे, त्यामुळे झाडांवर पाट्या आहेत आणि बाकांवर विद्यार्थी. तिथला सर्व-ए-नाझ इतका सडपातळ आणि उंच की फारसी कवींना प्रेयसीची चाल सरूसारखी का वाटली ते कळतं. २०११ मध्ये युनेस्कोने नऊ इराणी बागा एकत्र जागतिक वारशात घेतल्या. फिन, चेहेल सोतून, दौलताबाद, पासरगाद आणि एरम या पाच आमच्या पाहून झाल्या.

कवी हाफिजच्या कबरीपाशी दुपारी गर्दी होती. बहमनी सुलतानाने त्याला दख्खनला बोलावलं होतं, तो होरमुझपर्यंत आला आणि समुद्रावरचं वादळ पाहून मागे फिरला, असं इतिहासकार फरिश्ता लिहितो. शिराझची फालुदे, गोठवलेल्या तांदळाच्या शेवया आणि वर लिंबू, तिथेच बाहेर खाल्ली.

शेवटची संध्याकाळ कवी सादीच्या कबरीपाशी. बहुतेक लोक वरूनच परततात, पण आवारात एक जिना खाली जातो. पायरीगणिक हवा गार होत गेली आणि आवाज आधी ऐकू आला. तळाशी अष्टकोनी जागा आणि हौद, कनातचं पाणी तिथून पुढे जातं. मासे पुष्कळ. ताईने चपला बाजूला काढून ठेवल्या आणि शेवटच्या पायरीवर बसली, लहानपणी नहरीच्या काठावर बसायची तशी. मी तिच्या शेजारी बसले. सगळे मासे एकाच बाजूला तोंड करून, शेपट्या हलवत, जागच्या जागी थांबले होते. पाणी कुठून येतंय ते त्यांच्याकडे पाहून कळत होतं.